वही आमच्याकडेच राहील : मंडळाच्या कार्यकारिणीस खुले पत्र

माननीय अध्यक्ष आणि कार्यकारिणीचे सर्व सदस्य,

स. न. वि. वि.

महिला शाखेसंबंधीचा तुमचा ईमेल गुरुवारी रात्री मिळाला. त्यात 'सुसूत्रता' हा शब्द चार वेळा आलाय आणि 'सोय' तीन वेळा. सोय कोणाची, ते मात्र कुठे दिसलं नाही. तुमची मागणी थोडक्यात अशी : शाखेचं बँकेतलं वेगळं खातं मार्चअखेर बंद करावं, शिल्लक मंडळाच्या खात्यात भरावी आणि यापुढे हळदीकुंकवापासून फराळाच्या विक्रीपर्यंत प्रत्येक कार्यक्रम आधी सांस्कृतिक समितीकडून मंजूर करून घ्यावा. शाखा मात्र राहीलच, असं तुम्ही आवर्जून लिहिलंय. राहील हो. बायको हजर नसली की पूजेला शेजारी सुपारी मांडतात, तशी राहील.

आमच्यातल्या काही जणी म्हणाल्या, उत्तर कशाला देत बसायचं, यंदा चकल्याच करायच्या नाहीत, आपोआप कळेल. मला ते पटेना. मी म्हटलं, मी लिहिते. आणि सगळ्यांसमोर लिहिते, कारण कॅनडातल्या इतर गावांतल्या मराठी मंडळांतही थोड्याफार फरकाने हेच चाललेलं ऐकते.

मी मॉन्ट्रियालच्या दक्षिणेला, नदीपलीकडे राहते हे तुम्हाला माहीत आहे. मंगळवारी संध्याकाळी मी मंडळाच्या सभांना का येत नाही, ते बहुधा माहीत नसेल. मंगळवारी मी विणायला जाते. गावच्या सभागृहाच्या तळघरात तिथल्या फ्रेंच बायकांचं मंडळ भरतं. त्याला 'सेर्कल द फेर्मिएर' म्हणतात, म्हणजे शेतकरणींचं मंडळ. आमच्यात आता शेती करणारी एकच आहे, तीही स्ट्रॉबेरीपुरती. बाकीच्या निवृत्त शिक्षिका, परिचारिका, एक बस चालवणारी आणि एक मी. नाव मात्र शंभर वर्षं तेच आहे. त्यांच्याकडून जे ऐकलं आणि मग हौसेने वाचलं, ते तुम्हाला सांगायचंय.

ही संस्था बायकांनी काढलेली नाही. १९१५ साली क्युबेक या आपल्या प्रांताच्या सरकारच्या शेती खात्यातल्या आल्फोंस देझिले आणि जॉर्ज बूशार या दोन कृषितज्ज्ञांनी ती काढली. पहिली मंडळं उत्तरेला, सॅगने नदीवरच्या शिकुटिमीला आणि साँ-जाँ तलावाकाठच्या रोबेरवालला. बेल्जियममध्ये शेतकरणींची अशी मंडळं होती. शेजारच्या ऑन्टारिओत तर १८९७ पासूनच इंग्रजी बोलणाऱ्या बायकांच्या संस्था चालू होत्या. तेव्हा नमुना तयारच होता. खात्याची चिंता वेगळी होती. १८४० ते १९३० या काळात जवळजवळ नऊ लाख फ्रेंच कॅनेडियन माणसं सीमा ओलांडून अमेरिकेत गेली, त्यातली कितीतरी न्यू इंग्लंडच्या कापडगिरण्यांत. उरलेली मॉन्ट्रियालच्या कारखान्यांकडे निघालेली. कोकणातल्या माणसाला हे समजावून सांगायला नको. आपल्याकडे गिरणगाव असंच भरलं. शेती खात्याचा हिशोब सरळ होता : बाई गावात रमली तर घर रमेल, घर रमलं तर शेत ओस पडणार नाही. मग तिला रमवा. तिला बियाणं द्या, मधमाश्यांच्या पेट्या द्या, कोंबड्या कशा पाळाव्यात त्यावर व्याख्यान द्या, माग द्या. १९२० पासून त्यांच्यासाठी एक नियतकालिकही निघू लागलं. त्याचं नाव 'ला बॉन फेर्मिएर', अर्थात 'गुणी शेतकरीण'. नावातच उपदेश!

म्हणजे पुरुषांनी कचेरीत बसून, बायकांच्या भल्यासाठी, वरून काढलेली संस्था. इथपर्यंत तुम्हाला गोष्ट आवडेल.

पण प्रत्येक गावच्या मंडळात अध्यक्ष निवडायची, चिटणीस निवडायची, खजिनदार निवडायची, आणि हे सगळं बायकांतूनच. इतिवृत्त लिहायचं, मागच्या सभेचं वाचून कायम करायचं, वर्गणी गोळा करायची, पावती फाडायची. हे वाचायला अगदी कोरडं वाटतं. त्या काळचा कायदा शेजारी ठेवला की ते कोरडं राहत नाही. १८६६ च्या क्युबेकच्या दिवाणी कायद्याप्रमाणे लग्न झालेली बाई अज्ञान मुलाच्या रांगेत होती. नवऱ्याच्या संमतीवाचून तिला करार करता येत नव्हता, कोर्टात उभं राहता येत नव्हतं. स्वतःच्या कमाईचा कारभार स्वतः पाहायची मुभा तिला १९३१ साली मिळाली, आणि नवऱ्याच्या आज्ञेची अट कायद्यातून जायला १९६४ उजाडलं. हा दुसरा कायदा आणला मारी-क्लेर कर्कलंड-कासग्रँ यांनी. क्युबेकच्या विधानसभेत निवडून आलेली ही पहिली बाई, तीही १९६१ साली. म्हणजे पन्नास वर्षं अशी गेली की घरी जिची सही चालत नव्हती, ती मंगळवारी रात्री चर्चच्या तळघरात पन्नास बायकांच्या पैशाचा जमाखर्च मोठ्याने वाचत होती आणि कोणी बोट ठेवलं तर उत्तर देत होती.

आमच्या मंडळातली खजिनदार एक्याऐंशी वर्षांची आहे. ती आजही कॉफीच्या बारा डॉलरांसकट सगळं वाचते. पहिल्या दिवशी मला कंटाळा आला होता. शेजारची म्हणाली, ऐक गं, माझ्या आजीला फक्त इथेच पैशाबद्दल बोलता यायचं.

जरा मागे जाते, कारण ही एकच संस्था सांगितली तर चित्र अर्धं राहील. मॉन्ट्रियाल शहरात १९०७ साली मारी लाकोस्त जेरँ-लाजुआ आणि कारोलिन बेइक यांनी फ्रेंच कॅथलिक बायकांच्या अनेक संस्था एका छत्राखाली आणल्या. या महासंघाला सेंट जॉन बाप्टिस्टाचं नाव दिलं. हा संत म्हणजे फ्रेंच कॅनडाचं दैवत. मारी न्यायाधीशाची लेक. वडिलांच्या ग्रंथालयात बसून कायदा शिकली आणि १९०२ साली सामान्य माणसाला कळेल असं कायद्याचं पुस्तक लिहिलं. त्या काळी मॉन्ट्रियालमधल्या चार बाळांपैकी एक वर्षाचं व्हायच्या आत जायचं. महासंघाच्या बायकांनी तान्ह्यांना शुद्ध दूध मिळावं म्हणून केंद्रं चालवली. दुकानात दिवसभर उभं राहणाऱ्या मुलींना बसायला खुर्ची मिळावी म्हणून भांडल्या. कारखान्यातल्या कामकरणी, दुकानातल्या मुली, मोलकरणी, शिक्षिका यांच्या वेगवेगळ्या संघटना उभ्या केल्या. पंधरा वर्षांत बायकांनी करता येण्यासारखं जे जे होतं, ते केलं.

आणि मग १९२२ साल आलं. क्युबेकच्या बायकांना देशाच्या निवडणुकीत मत होतं, प्रांताच्या निवडणुकीत नव्हतं. त्या फेब्रुवारीत मारी शिष्टमंडळ घेऊन प्रांताचे प्रीमियर, म्हणजे मुख्यमंत्री, ताशरो यांच्याकडे गेली. त्यांनी वाटेला लावलं. बिशपांचाही विरोध होता. बाई धार्मिक होती. तिला वाटलं, वरच दाद मागू, आणि ती रोमला कॅथलिक स्त्रियांच्या जागतिक परिषदेला गेली. तिथून उत्तर मिळालं की मताधिकाराच्या बाबतीत आपापल्या देशातल्या बिशपांची संमती घ्यावी. म्हणजे जिथून निघालो, तिथेच परत. त्याच वर्षी नोव्हेंबरात तिने मताधिकार समितीतून राजीनामा दिला. मला तिच्याबद्दल फार आदर आहे आणि हे वाचताना फार राग येतो, दोन्ही एकदम. मंजुरी मागायला गेलं की मंजुरी देणाऱ्याचा हक्क आपणच मान्य करून बसतो, हे ती हुशार बाई जाणत नसेल असं नाही. पण महासंघाचं सगळं काम, त्या दुधाच्या केंद्रांसकट, चर्चच्या छायेत चालत होतं. छाया सोडली असती तर ते काम कुठे गेलं असतं, हाही प्रश्न तिच्यासमोर असणारच. मत मिळवायला मग इडोला सँ-जाँ आणि तेरेझ कासग्रँ यांना पुढची अठरा वर्षं पुन्हा पुन्हा विधानसभेच्या दारात जावं लागलं. १९४० च्या मार्चमध्ये कार्डिनल व्हिलनव्ह यांनी विरोध जाहीर केला, तरी एप्रिलच्या २५ तारखेला कायदा झाला. तो करणारे प्रीमियर आदेलार गोदबू हे पेशाने कृषितज्ज्ञ. योगायोगच, दुसरं काय.

आता एक गोष्ट झाकून ठेवली तर तुम्हीच मला पकडाल, म्हणून आधीच सांगते. या मताधिकाराच्या भांडणात आमच्या शेतकरणींचं मंडळ विरोधाच्या बाजूला होतं. बाईने घर सांभाळावं, मत काय कामाचं, असा सूर. तळघरात मी हे पहिल्यांदा बोलून दाखवलं तेव्हा शांतता पसरली. मग स्ट्रॉबेरीवाली म्हणाली, हो, आमच्या आज्या चुकल्या होत्या, आता धोटा इकडे दे.

पण याच बायकांनी चार वर्षांनी जे केलं, त्यासाठी हे पत्र लिहितेय.

१९४४ साली क्युबेकच्या बिशपांनी ठरवलं की शेतकरणींनी सरकारच्या आश्रयाचं हे मंडळ सोडावं आणि चर्चच्या नव्या संघटनेत यावं. कारणं सांगितली ती तुमच्या ईमेलसारखीच भारदस्त होती. नवऱ्यांची कॅथलिक शेतकरी संघटना १९२४ पासून आहेच, तेव्हा बायकांचीही तिच्या जोडीला असावी, सगळं एका सूत्रात यावं. खरी अडचण अशी की हे मंडळ चर्चच्या हाताखाली नव्हतं. त्या वेळचं क्युबेक डोळ्यांपुढे आणा. शाळा चर्चची, इस्पितळ चर्चचं, जन्माची नोंद चर्चकडे, मेल्यावर जागा चर्चच्या आवारात. ज्या पाद्र्यापुढे शनिवारी पापं कबूल करायची, तोच रविवारी वरून सांगणार की मंडळ सोडा.

काही जणी गेल्या. बहुतेक जणी राहिल्या.

एवढंच. याच बायकांनी मताच्या वेळी बिशपांचं ऐकलं होतं, मंडळाच्या वेळी ऐकलं नाही. इतिहासकार याची बरीच कारणं देतात. सरकारी पैशाचा आधार होता, म्हणजे एका धन्याला नाही म्हणताना दुसऱ्याचा खांब पाठीशी होता, हे मी नाकारत नाही. पण मला विचाराल तर कारण जमाखर्चाच्या वहीत आहे. तीस वर्षं जिने वर्गणी लिहून घेतली, जिच्या हातून मागाचे पैसे फिटले, तिला अचानक सांगितलं की हे तुझं नव्हतंच, तर ती वाद घालत नाही. ती पुढच्या मंगळवारी वेळेवर येते आणि मागचं इतिवृत्त वाचायला घेते.

माग तुमच्यापैकी कोणी जवळून पाहिला असेल असं वाटत नाही, म्हणून थोडं सांगते. आमच्या तळघरात सहा हातमाग आहेत, मेपलच्या लाकडाचे. सर्वांत जुन्याची पाय ठेवायची पट्टी मधोमध झिजून खोलगट झालीय, आपल्या जुन्या उंबरठ्यासारखी. तिथे 'कातालोन' विणतात. उभा ताणा साध्या सुताचा आणि आडवा बाणा चिंध्यांचा. जुने शर्ट, चादरी, झगे उभे फाडायचे, पट्ट्या एकमेकींना जोडून गुंडा करायचा आणि तो धोट्यावर घेऊन विणायचा. दर ओळीला फणी दोनदा जोरात ओढायची, नाहीतर पांघरूण भसभशीत होतं. मी माझ्या आईची दोन सुती पातळं फाडली. पहिल्या टर्रकन आवाजाला पोटात गोळा आला. आजीची गोधडी टाक्याटाक्याने शिवलेली असायची, ही विणलेली, पण चिंधी वाया घालवायची नाही हा स्वभाव तोच. आजूबाजूच्या बायका गोळा झाल्या. इरकलीचा काठ पांघरुणात कुठे कुठे डोकावतोय ते बोटाने दाखवायला लागल्या.

आणखी एक पद्धत सांगते. भांडी पुसायचे फडके विणायचे असले की प्रत्येकीसाठी वेगळा ताणा लावत नाहीत, कारण ताणा लावणं हेच दोन दिवसांचं काम. वीस फडक्यांचा एकच लांब ताणा लावतात. भिंतीवर यादी असते. आपला नंबर आला की यायचं, आपलं फडकं विणायचं, खूण म्हणून रंगीत धागा घालायचा आणि पुढचीसाठी माग मोकळा करायचा. फडकं लगेच घरी नेता येत नाही, ते मागावर गुंडाळलेलं राहतं. विसावीचं विणून झालं की मग एकदम कापतात. तोवर सगळ्यांचं काम एकमेकींच्या भरवशावर. यात समिती लागत नाही, यादी लागते.

पुढचं पटकन सांगते. ज्या बायका बिशपांच्या सांगण्यावरून गेल्या, त्यांचं काय झालं? गंमत पाहा. त्यांची संघटना १९६६ साली दुसऱ्या एका संघटनेत मिळून नवी संस्था झाली, तिचं नाव 'आफेआस'. आझिल्दा मार्शां यांच्यासारख्या बायका तिच्या पुढारी झाल्या आणि १९७० च्या दशकात त्यांनी नवऱ्याच्या शेतात-दुकानात बिनपगारी राबणाऱ्या बायकांचा प्रश्न धसाला लावला. चर्चने आपल्या धाकात ठेवायला जी संघटना काढली, ती धाकाबाहेर गेली, आणि मूळ मंडळापेक्षा कितीतरी पुढची भाषा बोलू लागली. त्यामुळे राहिलेल्या शहाण्या आणि गेलेल्या भोळ्या, असा निकाल मी देणार नाही. गेलेल्यांनीही तिकडे जाऊन पुन्हा आपली वही उघडलीच.

मूळ मंडळाचा सरकारी आधारही १९६० च्या दशकाच्या अखेरीस सुटला. तेव्हापासून ते स्वतःच्या वर्गणीवर उभं आहे. प्रांतभर शेकडो गावांत शाखा आहेत, स्वतःचं नियतकालिक आहे, त्यांची पाककृतींची पुस्तकं क्युबेकच्या घराघरांत आहेत. २०१५ साली शंभरी झाली. ज्या खात्याने त्यांना रमवायला बियाणं दिलं होतं, त्याची आठवण आता भाषणापुरती निघते.

आता आपल्याकडे येते.

आपली महिला शाखाही तुमच्याच आधीच्या कार्यकारिणीने काढली होती, हे मला माहीत आहे. सभेला बायका आल्या की मुलं कोपऱ्यात रडतात, म्हणून 'त्यांचं वेगळं काहीतरी करा' असा तो ठराव होता. मी तेव्हा नवी होते, मागच्या रांगेत पोराला बिस्किट भरवत बसले होते. त्या 'वेगळ्या काहीतरी'ला नऊ वर्षं झाली. दर दिवाळीला सात घरांत रात्री दोनपर्यंत भाजणी, साचे, तेल. विक्रीच्या पैशातून नव्याने आलेल्या सहा जणींच्या फ्रेंच शिकवणीची फी गेली. एकीला घर सोडून निघावं लागलं, तिच्या पहिल्या महिन्याचं भाडं गेलं. ती नोंद वहीत 'किरकोळ' म्हणून आहे आणि तशीच राहील. ती रक्कम मंजुरीसाठी सांस्कृतिक समितीपुढे मांडायची म्हटली असती तर तिचा नवरा त्या समितीत कोणाकोणाबरोबर बॅडमिंटन खेळतो, हेही मांडावं लागलं असतं.

तुमचा संशय हिशोबावर असेल तर वही दाखवायला आम्ही एका पायावर तयार आहोत. तुमचा हिशोबतपासनीस पाठवा, चहा आम्ही देऊ. दर तिमाहीला जमाखर्च मंडळाच्या सभेत वाचू, कॉफीसकट. कार्यक्रमांच्या तारखा आधी कळवू, सभागृह एकाच दिवशी दोघांनी घेऊन ठेवलं असा घोळ गेल्या वर्षी झाला तसा होणार नाही, आणि तो घोळ आमचा होता हेही मान्य करते. खातं मात्र बंद होणार नाही. ते शाखेच्या दोन पदाधिकाऱ्यांच्या सह्यांनी चालतं आणि त्या दोघींना शाखेने निवडलंय. मंजुरीसाठीही आम्ही येणार नाही. कळवायला येऊ.

रविवारच्या सभेत हा विषय पाचवा ठेवलाय, जेवणानंतर. तो पहिला घ्यावा ही विनंती. जेवणानंतर आमच्यातल्या निम्म्या जणी भांडी आवरत असतात आणि मतदान तेव्हाच उरकतं, हे नऊ वर्षांत आमच्या लक्षात आलंय. या खेपेला भांडी तशीच राहतील.

कळावे,
महिला शाखेची चिटणीस

ता. क. गणपतीत मंडळाने घेतलेल्या एकशे साठ उकडीच्या मोदकांचे पैसे अजून आलेले नाहीत. वहीत नोंद आहे, पान ४३.